आगीत गेलेली शपथ

४ फेब्रुवारी
अग्निशमन केंद्र, वरचा मजला

ती. आत्यास,

ओल्या बुटांसकट नमस्कार.

तू हसणार हे मला माहीत आहे, म्हणून आधीच सांगते, पोटभर हस. काल आमच्या अग्निशमन केंद्रालाच आग लागली.

झालं असं, की नऊ नव्या जवानांना मी अंगणात तेलाची आग कशी विझवायची ते शिकवत होते. मोठ्या पातेल्यात तेल पेटवलं होतं, ओलं पोतं हातात घेतलं होतं, "पाणी ओतायचं नाही, ओतलंत तर भडका उडतो," हे माझं तिसऱ्यांदा सांगणं चाललं होतं. आमचे स्वयंपाकी ते बघायला बाहेर आले. आत चुलीवर त्यांची कढई तशीच. आम्ही सगळे अंगणातल्या आगीकडे बघतोय, आणि आमच्या पाठीमागे खरी लागलेली. शेवटी समोरच्या दुकानातला शिंपी ओरडला, "अहो, तुमचंच जळतंय!"

चार मिनिटांत विझवली. एक पडदा, एक कपाट आणि भिंतीवरची एक चौकट गेली. पडद्याचं काही नाही. पण चौकटीत आमची शपथ होती. नवे लोक भरती होताना म्हणतात ती. तिची दुसरी प्रत कुठेच नाही. मुख्य कार्यालयाला नक्कल मागितली, तर उत्तर आलं की नक्कल तुमच्याकडेच आहे, असल्यास आम्हालाही पाठवावी.

बरं, तोंडपाठ कोणाला असावी? कोणालाही नाही. "मी शपथपूर्वक सांगतो की" इथपर्यंत सगळे ठणठणीत, आणि पुढे नुसतं गुणगुणणं. तीस वर्षं लोक ओठ हलवून भरती होत आलेत. बाबांना विचारलं. इतकी वर्षं बंब चालवला त्यांनी, म्हटलं त्यांना तरी आठवेल. तर म्हणाले, "घेतली होती ना शपथ. उजवा बूट चावत होता." मग त्यांनी नेहमीचा एक प्रश्न विचारला, जो मी तुला कळवत नाही, कारण तुझं डोकं फिरेल.

वीस मार्चला शपथविधी आहे. त्याच दिवशी मी केंद्रप्रमुख म्हणून काम हातात घेणार आहे (हो, झालं एकदाचं!). सध्याचे प्रमुख, आमचे साहेब म्हणाले, "नवी शपथ तुम्हीच लिहा. तुमच्या आत्या शब्दकोशात आहेत ना?" जसं काही तू दोन शब्दांच्या मधे बसून असतेस.

तर सांग. शपथ म्हणावं, प्रतिज्ञा म्हणावं, की वचन? फरक काय? फोनवर तू अर्थ सांगत नाहीस, म्हणून हा कागद.

तुझी,
भिंगरी


९ फेब्रुवारी
शब्दकोश कार्यालय, दुसरा मजला

चि. भिंगरीस,

अभिनंदन, आशीर्वाद, आणि स्वयंपाक्यांना माझ्यातर्फे दोन शब्द. कुठले ते कोशात घालता येत नाहीत.

तुझं पत्र आलं तेव्हा मी काय करत होते, सांगू? टेबलावर पुठ्ठ्याचा खण, खणात चिठ्ठ्या, आणि सगळ्यात वरची चिठ्ठी 'शपथ'. आम्ही गेल्या महिन्यात 'श'ला पोचलो. मुख्य संपादक म्हणाले, "बाई, तुमची भाची की टपालखातं, कोणीतरी आपल्यावर नजर ठेवून आहे."

आता नीट ऐक. 'शपथ' हा शब्द 'शप्' या संस्कृत धातूवरून आला. 'शप्' म्हणजे शाप देणे. शाप आणि शपथ ही सख्खी भावंडं. शाप दुसऱ्याला द्यायचा आणि शपथ म्हणजे स्वतःलाच देऊन ठेवायचा: मी खोटं बोलले तर माझं अमुक होवो. त्यातलं 'अमुक होवो' आपण कालांतरानं गाळलं आणि नुसती ऐट ठेवली. लहान मुलं मात्र अजून गळ्याला चिमूट लावून 'गळ्याशप्पथ' म्हणतात. त्यांना खरा अर्थ माहीत आहे.

'आण' हा शब्द 'आज्ञा'चा झिजलेला नातू. 'भाक' हा, जुने कोशकार म्हणतात, 'भाषे'तून आला. म्हणजे मुळात नुसतं बोलणं. एके काळी बोललं की ते वचनच होत असावं. आता तसे दिवस नाहीत, म्हणून आपल्याला दोन्ही जोडून 'आणाभाका' घ्याव्या लागतात, आणि त्याही बहुतेक प्रेमात पडलेले लोकच घेतात. 'प्रतिज्ञा' शाळेची वाटते. 'वचन' नाटकातलं वाटतं. मला विचारशील तर सगळ्यांत साधं आणि भक्कम म्हणजे 'शब्द देणे'. पण मी काय, माझा तो धंदाच आहे.

तुझ्या वडिलांबद्दल मी काहीही विचारलेलं नाही, याची नोंद घ्यावी. त्याचा गुडघा कसा आहे?

तुझी,
आत्या


१६ फेब्रुवारी
अग्निशमन केंद्र

ती. आत्या,

तुझं पत्र मी साहेबांना वाचून दाखवलं, ही माझी चूक.

'शपथ म्हणजे स्वतःला दिलेला शाप' हे ऐकल्यावर साहेब खुर्चीत मागे रेलले आणि म्हणाले, "म्हणजे मी इतकी वर्षं लोकांना शाप घ्यायला लावत होतो?" दोन दिवस ते कोणाशी धड बोलले नाहीत. तिसऱ्या दिवशी म्हणाले, "मग नीटच घेऊ. प्रत्येकानं आपापला शाप लिहून आणायचा. ज्याला ज्याची भीती वाटते, तेच लिहायचं."

आत्या, नऊ लोकांचे नऊ कागद आले. एकीनं लिहिलं, "मी घंटा ऐकून अंथरुणात कूस वळवली, तर मला आयुष्यभर कधीच झोप लागू नये." हे बरं आहे. दुसऱ्यानं लिहिलं, "मी शिडी धरताना तोंड फिरवलं, तर माझे बूट जन्मभर ओले राहोत." हेही चालेल, फक्त आमचे सगळ्यांचेच राहतात. तिसऱ्यानं सासूला मधे आणलंय. तो कागद मी फाडला. स्वयंपाक्यांनी, कोणी विचारलं नसताना, लिहून दिलं की "कढई सोडून गेलो तर माझ्या हाताची चव जावो." सगळे एका सुरात म्हणाले, "ती आधीच गेलीय." आता ते रुसलेत आणि आम्ही तीन दिवस उकडलेले बटाटे खातोय.

मी साहेबांना शेवटी सांगितलं की हे नको, आत्यानं 'शब्द देणे' सुचवलंय. त्यांना पटलं. तेव्हा आता तू दोन ओळी लिहून दे. छोट्या. कुणाला ओठ हलवून वेळ मारून नेता येणार नाही अशा.

आणि दुसरं. वीस तारखेला तू यायचंस. मी केंद्रप्रमुख होणार आणि माझी आत्या तिथे नाही, हे चालणार नाही. बाबा असतील, मला माहीत आहे. पहिल्या रांगेत डाव्या टोकाला त्यांना बसवीन, तू उजव्या टोकाला बस. मधे नऊ जणांचे आईबाप. एवढं अंतर पुरे की अजून खुर्च्या मागवू?

गुडघा बरा आहे.

भिंगरी


२१ फेब्रुवारी
शब्दकोश कार्यालय

चि. भिंगरी,

दोन ओळी सोबत पाठवते: 'मी शब्द देतो की हाक आली तर मी जाईन, आणि माझ्या जोडीदाराला सोडून परत येणार नाही.' मुलींनी 'देते' म्हणावं. एवढंच. याहून जास्त लिहिलंस तर लोक पुन्हा गुणगुणतील.

मी येणार नाही.

कारण तुला अर्धंच माहीत आहे. तू तेव्हा परीक्षेला परगावी होतीस. आता केंद्रप्रमुख होणार आहेस, म्हणजे उरलेलं ऐकायला हरकत नाही.

अकरा वर्षांपूर्वी मी सुट्टीत दादाकडे आले होते आणि कामाचे बारा खोके सोबत आणले होते. सगळा 'न'. नगारा, नजर, नड, नमुना, नातं. चार वर्षांचं काम, हातानं लिहिलेल्या सहा हजार चिठ्ठ्या. संध्याकाळी वीज गेली, मी मेणबत्ती लावली. मेणबत्तीची ज्योत एका चिठ्ठीला चाटून गेली, चिठ्ठीचा कोपरा तपकिरी झाला आणि धुराची एक, एकच, बारीक रेघ वर गेली. मी ती फुंकून विझवली. मामला तिथे संपला होता.

तुझे वडील तिथे दारात उभे होते. त्यांनी मला बाजूला केलं, न्हाणीघरातून दोन भरलेल्या बादल्या आणल्या, आणि सगळ्या 'न'वर ओतल्या. सगळ्या! मग खोके उलटे करून आतपर्यंत भिजलंय ना, ते तपासलं. आणि माझ्याकडे वळून, घाम पुसत, म्हणाले, "थोडक्यात वाचलं."

भिंगरी, शाई वाहून फरशीवर निळं तळं झालं होतं. मी पिशवी उचलली आणि दारात जाऊन म्हणाले, "शपथ आहे, या घरात परत येणार नाही!" त्यानं मला थांबवलं नाही. 'जाऊ नकोस' म्हणाला नाही. मान हलवून 'बरं' म्हणाला. बरं!

'न' मला पुन्हा करावा लागला. वर्ष गेलं. ते एक वेळ सोडून देईन. पण ते 'बरं' मी विसरत नाही. आणि जी बाई दिवसभर शब्दांचे अर्थ ठरवते, तिनंच आपला शब्द मोडायचा म्हणजे मग कार्यालयाखाली फळं विकत बसलेली काय वाईट.

तुझ्यासाठी बूट पाठवते आहे. कोरडे.

आत्या


२ मार्च
अग्निशमन केंद्र

ती. आत्या,

हे पत्र बसून वाच. मुख्य संपादकांना म्हणावं, पाच मिनिटं बाहेर जा.

तुझं पत्र वाचून मी बाबांकडे गेले. डोकं तापलं होतं. ते खिडकीपाशी गुडघ्याला तेल लावत बसले होते. मी सरळच विचारलं, "बाबा, आत्या त्या दिवशी जाताना दारात काय म्हणाली होती?"

"कधी?"

"तुम्ही 'न' भिजवलात तेव्हा!"

"ओरडू नकोस, ऐकू येतं मला," बाबा म्हणाले. "काय म्हणणार? 'श'पर्यंत जाते, मग या घरात परत येणार, असं म्हणाली. मी म्हटलं, बरं."

मी त्यांना तेच पुन्हा म्हणायला लावलं.

आत्या, बाबांचा डावा कान कधीचाच गेलेला आहे, उजव्यानंही कमीच ऐकू येतं. बंबाची घंटा डाव्या हाताला असायची, त्यांच्या कानापासून वीतभर अंतरावर. ते कोणाला सांगत नाहीत, नुसती मान हलवतात. तू 'शपथ आहे' म्हणालीस, त्यांनी ''श'पर्यंत' ऐकलं. 'या घरात परत येणार' ऐकलं. आणि 'नाही' म्हणताना तू बहुतेक जिन्याकडे तोंड केलं होतंस.

त्यांचा तो नेहमीचा प्रश्न, जो मी तुला कळवत नव्हते, तो हा होता: "तिचं कुठवर आलं?" दर वर्षी. मला वाटायचं ते टोमणा मारतायत, एवढी वर्षं झाली आणि कोश काही संपत नाही म्हणून. मी तुटकपणे अक्षर सांगायचे. 'भ'. 'म'. 'र'. मग ते उठून आत जायचे. आत काय करतात ते मी परवा पाहिलं. कपाटाच्या दाराला आतून बालवाडीचा मुळाक्षरांचा तक्ता चिकटवलाय. 'न'पासून एकेक अक्षर खोडलेलं. म्हणाले, "'न' ते 'श' दहा अक्षरं. वर्षाला एक धरलं तर दहा वर्षं. एक वर्ष जास्त लागलं ते माझ्यामुळे, मी पाणी ओतलं म्हणून."

फेब्रुवारीत मी त्यांना 'श' सांगितलं होतं, तुझ्या पत्रावरून. तेव्हापासून मागची खोली दोनदा धुतली. टेबल आणलं. त्यावर दिवा ठेवलाय, विजेचा, आणि वीज गेली तर म्हणून बॅटरी. बादल्या शेजाऱ्यांकडे ठेवायला दिल्यात.

मी म्हटलं, "अकरा वर्षांत एक पत्र लिहायचं नाही का तिला?"

"माफी मागायची आहे मला," ते म्हणाले. "पण ती समोर मागायची. पत्रात मागितली तर ती शुद्धलेखनाच्या चुका तांबड्या पेनानं दुरुस्त करून परत पाठवेल."

पाठवली असतीस, आत्या. खरं सांग.

तू खरं काय म्हणाली होतीस, ते मी त्यांना सांगितलेलं नाही. सांगवेना. ते रोज संध्याकाळी बसथांब्यापर्यंत फिरायला जातायत. गुडघ्याला चांगलं असतं म्हणे.

भिंगरी


११ मार्च
शब्दकोश कार्यालय

चि. भिंगरी,

उत्तराला उशीर झाला. तीन पत्रं लिहून फाडली. त्यांच्या मागच्या कोऱ्या बाजू 'श'च्या चिठ्ठ्यांना उपयोगी पडल्या.

होय, पाठवली असती. तांबड्या पेनानं.

मला वाटत होतं, त्यानं ऐकलं आणि त्याला काही वाटलं नाही. अकरा वर्षं मी ज्या माणसावर रागावले होते, तो माणूस तिथे नव्हताच असं तू सांगतेस. मग मी कोणावर रागावले होते? हे तू मला कळवायला नको होतंस. राग मोठा आधार असतो ग, सवय झाली की.

पण शपथ ती शपथच. मी मुख्य संपादकांना विचारलं, अर्थात नाव न घेता. म्हटलं, "समजा, एका बाईनं शपथ घेतली आणि ज्याच्यासमोर घेतली त्याला ती ऐकूच आली नाही, तर ती शपथ धरायची का?"

त्यांनी चष्मा काढला, पुसला, घातला. "धरायची," म्हणाले. "तोंडातून गेली की झाली. ऐकणारा माणूस शपथ घ्यायला लागत नाही, सोडायला लागतो." मग कामाकडे वळून पुटपुटले, "आणि त्या बाईंना सांगा, त्यांची अकरा वर्षांची रजा साठलीय. एकदा काय ते घ्या आणि या."

मी विचार केला. शपथेत मी 'या घरात' म्हटलं होतं. तुझं केंद्र हे घर नव्हे. शब्दाला शब्द लावून पाहिला, कुठेही मोडत नाही. वीस तारखेला सकाळच्या बसनं येईन, शपथविधी पाहीन, दुपारी पावणेचारच्या बसनं परत. घरी येणार नाही. खुर्ची उजव्या टोकाला ठेव.

उजव्या कानानं त्याला किती ऐकू येतं?

आत्या


२२ मार्च
दादाचं घर, मागची खोली

चि. भिंगरी,

हे पत्र तुझ्याकडे जेवणाच्या डब्यांच्या गाडीतून पाठवते आहे. स्वयंपाकी म्हणाले, वखारीतलं लाकूड आतून धुमसतंय, तुम्ही आणखी दोन दिवस तरी तिथून हलणार नाही. पत्ता वाचलास ना वरचा? मग पुढे वाच.

तुम्ही गेलात, त्यानंतरचं तुला कोणीतरी सांगायला हवं, आणि दादा ते नीट सांगणार नाही.

नऊ जण रांगेत उभे. तू समोर, हातात कागद. "मी शब्द देते की हाक आली तर" इथपर्यंत तू म्हणालीस, त्यांनी मागून म्हटलं, आणि घंटा झाली. मला आधी वाटलं हा कार्यक्रमाचाच भाग आहे, आणि मी मनात म्हटलं, छान बसवलंय. मग पाहिलं तर रांग नव्हती. बूट, शिरस्त्राणं, दारं, बंब, गेले. साहेबसुद्धा तुझा कागद बगलेत मारून मागच्या गाडीत चढले. अंगणात चाळीस रिकाम्या खुर्च्या, घाबरून उभे राहिलेले आईबाप, आणि डाव्या टोकाला दादा. टाळ्या वाजवत होता. त्याला वाटलं, संपलं.

मी उठले. चाळीस खुर्च्या ओलांडून गेले आणि त्याच्या उजव्या कानाशी म्हटलं, "दादा, आग लागलीय. लाकडाच्या वखारीत."

त्यानं माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही ग. ताडकन उठला आणि तसाच लंगडत बंबाच्या जागेकडे धावला. तिथे नुसता तेलाचा डाग. त्या डागावर तो उभा राहिला, हात अर्धवट वर, जसं काही बंबाच्या दाराची कडी धरायची होती. मग हात खाली केला. मी शेजारी जाऊन उभी राहिले.

"आलीस," तो म्हणाला. "'श' झालं?"

"चालू आहे."

"मोठं आहे का?"

"बरंच आहे."

भिंगरी, गप्प बसता आलं असतं. तो खुशीत होता. पण मला ते जमेना. मी त्याच्या उजव्या बाजूला गेले आणि म्हटलं, "दादा, मी ''श'पर्यंत' नव्हतं म्हटलं. 'शपथ' म्हटलं होतं. या घरात परत येणार नाही, असं म्हटलं होतं."

त्यानं दोनदा विचारलं. मी दोनदा सांगितलं. दुसऱ्यांदा सांगताना जरा मोठ्यानं बोलावं लागलं, सगळे आईबाप वळून बघायला लागले.

त्यानं बुटाच्या टोकानं तो डाग घासून पाहिला. मग म्हणाला, "बरं झालं ऐकू नाही आलं. नाहीतर अकरा वर्षं नुसतीच गेली असती."

पावणेचारची बस मी चुकवली. आम्ही चालत निघालो. दारापाशी आल्यावर तो आत गेला आणि म्हणाला, "तू बाहेरच थांब, तुझी शपथ आहे. मी खुर्ची बाहेर आणतो. चहाही बाहेर आणतो." आणि खरंच खुर्ची उचलून आणायला लागला, त्या गुडघ्यानं! मी म्हटलं, "ठेव ती खाली." आणि आत गेले. शब्द मोडला. त्याला पळवाट नाही, तळटीप नाही. कोश कार्यालयात अशी गोष्ट कळली तर नाचक्की होईल, पण मी मोडला, आणि मोडताना मला इतकं बरं वाटलं की या विषयावर आता मी कोणाला काही शिकवू शकेन असं वाटत नाही.

मग त्यानं माफी मागितली. त्याला स्वतःचा आवाज ऐकू येत नाही, त्यामुळे ती तिसऱ्या मजल्यापर्यंत गेली. वरच्या बाईंनी खिडकीतून डोकं काढून विचारलं, "काय भिजवलं म्हणे?" मी म्हटलं, "'न'!" त्या म्हणाल्या, "अगंबाई," आणि डोकं आत घेतलं.

आता ज्यासाठी हे पत्र लिहायला बसले ते. रात्रीचं जेवण झाल्यावर त्यानं माझ्यापुढे एक जाड वही ठेवली. म्हणाला, तू येशील तेव्हा द्यायला जमवलेत. शब्द, भिंगरी! अकरा वर्षांत कानावर पडलेला प्रत्येक नवा शब्द, अर्थासकट. अक्षर कोंबडीच्या पायांसारखं, पण रकाने आखलेले. मी अधाशासारखी वाचत सुटले, आणि तिसऱ्या पानावर माझ्या लक्षात आलं की यातला एकही शब्द भाषेत नाही.

सगळे चुकीचे ऐकलेले. 'खडपसारा', 'उशीवळ', 'गुळभेट'. ठाम अर्थ, कोणाकडून ऐकला ते नाव, तारीख. मी ओठ घट्ट मिटून वाचत होते. आणि एका पानावर हे आलं: 'मुकभाक. स्त्रीलिंगी. न बोलता दिलेलं वचन. दवाखान्यातल्या परिचारिकेकडून.'

मी विचारलं, "हे तिनं कधी वापरलं?"

"कान दाखवायला गेलो होतो," तो म्हणाला. (तुला डोळे सांगितले होते ना? कान होते.) "मी सारखा उठून दारापाशी जात होतो. तर ती म्हणाली, मुकभाक द्या बसा. म्हणजे तोंडानं नको, मनात वचन द्या की हलणार नाही. मी दिलं. दोन तास हललो नाही."

अग, ती म्हणाली असणार, "मुकाट बाकावर बसा!"

मी एवढी हसले की त्याला वाटलं मला ठसका लागला, आणि तो पाणी आणायला उठला. मी हात धरून खाली बसवलं. पण झोपायला गेल्यावर मला झोप येईना. मी सगळे खण मनात चाळले. आण, भाक, वचन, शपथ, शब्द, कौल, करार. न बोलता दिलेल्या वचनाला आपल्याकडे स्वतंत्र शब्दच नाही. मी मान्य करायला तयार नव्हते, पण नाही. आणि हा मात्र अंगाला मापानं शिवल्यासारखा बसतो.

तरी कोश म्हणजे भावाचा हट्ट पुरवायची जागा नव्हे. वापरात असल्याचा पुरावा लागतो. म्हणून तुला विचारते, अधिकृतपणे: तुमच्या लोकांत हा शब्द, किंवा याच्या जवळपासचा, कोणी बोलतं का? विचारून कळव. खोटं लिहू नकोस.

कोरडे बूट घातले आहेस ना?

आत्या


२४ मार्च
वखारीसमोर, गाडीच्या पायरीवर

ती. आत्या,

तुझं पत्र मी चार वेळा वाचलं आणि चारही वेळा साहेबांनी विचारलं, धूर डोळ्यांत गेला का. हो म्हटलं.

अधिकृत उत्तर आधी. मी काल जेवायच्या वेळी सगळ्यांना वाचून दाखवलं, शब्द आणि बाबांचा अर्थ. असा शब्द इथे कोणी बोलत नाही. कोणी ऐकलेलाही नाही. स्वयंपाकी म्हणाले, आमच्याकडे आहे, पण ते अजून रुसलेले असल्यामुळे सगळ्यांच्या विरुद्ध बोलतात. धरू नये.

दुपारी वखारीची मागची भिंत बाहेरच्या बाजूला कलली. ओल्या बुटांचा शाप ज्यानं लिहिला होता ना, तो शिडीवर होता, वर, नळी घेऊन. खाली शिडी धरायला दोघं. मी ओरडले, "खालच्यांनो, मागे व्हा!" नाही झाले. ऐकू आलं होतं, माझ्याकडे बघितलं होतं. पण शिडी सोडली नाही. तो एकेक पायरी उतरला, जमिनीला पाय लागला, आणि मग तिघंही पळाले. भिंत पडली ती शिडीवर. शिडी गेली. बाकी कोणाला ओरखडा नाही.

मी इतकी भडकले होते! तिघांना समोर उभं केलं. म्हटलं, "हुकूम ऐकायचा नाही, असं कोणी शिकवलं? जोडीदाराला सोडणार नाही वगैरे ती ओळ तर तुम्ही अजून म्हटलेलीसुद्धा नाही! तुमची शपथ अर्धीच झालीय!"

तिघंही काजळी फासलेल्या तोंडानं खाली बघत होते. मग ती झोपेचा शाप लिहिणारी हळूच म्हणाली, "नाही म्हटली, मॅडम. पण ते... तेच ना. आत्यांच्या पत्रातलं."

मला पुढे रागावता येईना.

संध्याकाळी साहेब तो कागद घेऊन आले. म्हणाले, उरलेली शपथ इथेच उरकून टाकू. मग त्या तिघांकडे बघितलं, त्या मोडलेल्या शिडीकडे बघितलं, आणि कागद घडी करून खिशात ठेवला.

आज सकाळी आठला पाळी बदलली. छपरावरचा एक जण रात्रभर तिथेच होता, खाली यायला तयार नव्हता, त्याच्या बाजूची आग पुन्हा धरेल म्हणून. वर चढलेल्यानं त्याच्या हातातून नळी घेतली, दुसऱ्या हातानं त्याच्या खांद्यावर थोपटलं, आणि म्हणाला, "जा तू. मुकभाक."

आणि तो उतरला, आत्या. काही न विचारता उतरला आणि गाडीत जाऊन झोपला.

तेव्हा नोंद कर. ठिकाण: वखारीचं छप्पर. तारीख आजची. अर्थ बाबांनी लिहिलाय तोच. त्यात काही दुरुस्त करू नकोस.

भिंगरी